मॉरिशसमध्ये आल्यापासून सासूबाईंची साखर वाढली आहे. ताटात काय ठेवावे?

कर्लीकाठ
नमस्कार. यजमानांच्या नोकरीमुळे आम्ही दोन वर्षांपासून मॉरिशसमध्ये, कात्र बोर्न या गावी राहतो. गेल्या वर्षी सासूबाईही कुडाळहून आमच्याकडे आल्या. त्यांचे वय ६४ आहे आणि रक्तदाबाची गोळी बरीच वर्षे चालू आहे. निघण्यापूर्वी त्यांचे एचबीए१सी (गेल्या दोन-तीन महिन्यांतील सरासरी साखर दाखवणारी तपासणी) ६.१ होते, मागच्या महिन्यात ते ७.४ आले आणि डॉक्टरांनी मेटफॉर्मिन ही साखरेची गोळी सुरू केली. भात कमी करा आणि गोड बंद करा, एवढा सल्ला मिळाला; पण दोन्ही वेळा माशाची आमटी आणि भात जेवत आयुष्य गेलेल्या माणसाच्या ताटातला भात काढला, तर त्या जागी काय वाढायचे, हे मला कळेनासे झाले आहे.

गावी त्या पहाटे उठून अंगण झाडायच्या, माडांना पाणी घालायच्या, दुपारी शेजारच्या वाडीत चालत जाऊन यायच्या. येथे तिसऱ्या मजल्यावरची बंदिस्त जागा आहे. न्याहारीला पाव, दुपारी भात, आणि बाजारात गेलो की गाडीवरची दालपुरी (डाळ भरलेली पातळ पोळी) आणि वर थंड आलुदा, म्हणजे फालुद्यासारखे दुधाचे गोड पेय. आलुद्यात सब्जा असतो, म्हणून तो प्रकृतीला चांगलाच, असा आम्हा दोघींचा समज होता. गेल्या शनिवारी तसे खाऊन आल्यावर दोन तासांनी घरच्या यंत्रावर साखर तपासली, तर आकडा २४१ आला.

येथे नीरफणस भरपूर मिळतो, तो भाजी म्हणून द्यावा का? बाजारातल्या पालेभाज्यांपैकी कोणत्या आपल्याकडच्या आहेत? आणि या बेटावर घरोघरी मधुमेहाचा एक तरी रुग्ण का दिसतो?

कास्कावेलकर
ताई, मी मॉरिशसचाच आहे. आमचे पूर्वज रत्नागिरी-सावंतवाडीच्या बाजूने उसाच्या मळ्यांत मजुरीसाठी आले. घरात आम्ही क्रिओल ही येथली फ्रेंचवरून आलेली भाषा बोलतो आणि मराठी मी शाळेत शिकलो.

आधी पालेभाज्यांविषयी सांगतो, कारण तुमच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर तेथेच आहे. आमच्याकडे पालेभाजीला ‘ब्रेद’ म्हणतात. ‘ब्रेद मुरुम’ म्हणजे शेवग्याचा पाला, ‘ब्रेद सोंज’ म्हणजे अळू, ‘ब्रेद मालबार’ म्हणजे माठाच्या जातीची भाजी, ‘ब्रेद मार्तें’ म्हणजे कामोणीचा पाला, आणि ‘ब्रेद जिरोमों’ म्हणजे भोपळ्याच्या वेलाचे कोवळे शेंडे. दोडक्याला ‘पिपांगाय’, कारल्याला ‘मार्गोज’ आणि भेंडीला ‘लालो’ म्हणतात. म्हणजे कुडाळच्या परसातले बहुतेक सगळे येथे आहे, फक्त नाव बदलले आहे. माझी आजी रोज रात्री ‘बुयों ब्रेद’ करीत असे: पातेल्यात कांदा, ठेचलेला लसूण आणि आल्याचा तुकडा थोड्या तेलावर परतायचा, पाणी घालून उकळी आली की मूठभर मुरुमचा पाला सोडायचा आणि पाला हिरवागार असतानाच पातेले उतरवायचे. भात कमी आणि हा कढण जास्त, असे ते जेवण असे. अळूची खाज जाण्यासाठी आम्ही चिंच घालतो; तुम्ही आमसुले आणली असतील, तर तीही चालतील.

आता घरोघरी मधुमेह का, याविषयी माझे मत सांगतो. १८३४ पासून जे मजूर येथे आणले गेले, त्यांना करारानुसार शिधा मिळे आणि त्यात तांदूळ, डाळ आणि मीठ हेच मुख्य होते. दिवसभर ऊस तोडणाऱ्या शरीराला तेवढा भात लागत असे. आज आम्ही कचेरीत बसतो, बसने घरी येतो, पण ताट मात्र मळ्यावरचेच राहिले आहे. त्यात पांढरा पाव, मैद्याची फराटा (पराठ्यासारखी पोळी) आणि बाटलीतली गोड पेये यांची भर पडली. बेटाच्या शेतजमिनीचा मोठा भाग अजूनही उसाखाली आहे, तांदूळ आणि गहू जहाजाने बाहेरून येतात, आणि जे बाहेरून स्वस्त येते तेच रोजच्या ताटात जास्त असते.

माझ्या वडिलांना पन्नाशीत साखर निघाली. पायाच्या अंगठ्याला चप्पल लागून झालेली लहानशी जखम त्यांनी महिनाभर कोणाला दाखवली नाही, आणि शेवटी उजवा पाय गुडघ्याखाली काढावा लागला. म्हणून तुम्हाला कळकळीने सांगतो, सासूबाईंचे तळपाय आणि बोटांच्या बेचक्या रोज रात्री दिव्याखाली स्वतः पाहत जा, कारण संवेदना कमी झाली की जखम त्यांना जाणवणार नाही.

पोषणवही
मी पुण्यात आहारतज्ज्ञ म्हणून काम करते. कास्कावेलकर यांनी दिलेले कारण मला पटते. त्याला एक जोड देते. १९८७ मध्ये मॉरिशस सरकारने जागतिक आरोग्य संघटना आणि ऑस्ट्रेलियाचे संशोधक पॉल झिमेट यांच्या साहाय्याने मोठी आरोग्य पाहणी केली. भारतीय, चिनी आणि क्रिओल (मुख्यतः आफ्रिकी मूळ असलेले) अशा तिन्ही वंशांच्या प्रौढांत मधुमेहाचे प्रमाण साधारण १० ते १३ टक्क्यांच्या घरात सापडले. म्हणजे हा आजार केवळ भारतीय रक्ताचा आहे असे म्हणून सुटका नाही. एकाच बेटावर एकाच प्रकारे बदललेली राहणी सर्वांना सारखीच बाधली. आज तेथे प्रौढांमधील साधारण पाचापैकी एकाला मधुमेह आहे.

त्याच सुमारास शिधापत्रिकेवरचे स्वयंपाकाचे तेल, जे मुख्यतः पामतेल असे, ते सरकारने सोयाबीनचे केले. पामतेलात जवळपास निम्मी मेदाम्ले संपृक्त, म्हणजे कोलेस्टेरॉल वाढवणारी, असतात, सोयाबीन तेलात साधारण १५ टक्के. १९९२ पर्यंत लोकांचे सरासरी कोलेस्टेरॉल लिटरला ५.५ मिलिमोलवरून ४.७ वर आले. आपल्या मापात सांगायचे तर सुमारे २१३ वरून १८२ वर. लोकशिक्षणाची मोहीमही चालू होती, पण यातला मोठा वाटा डब्यातले तेल बदलण्याचा होता, याचे मला फार मोल वाटते. मधुमेह मात्र त्याने हटला नाही, कारण त्याचे मूळ पिष्ट, साखर, वाढते वजन आणि बैठी राहणी यांत आहे. २०१३ मध्ये तेथे गोड पेयांतील साखरेवर ग्रॅमच्या हिशेबाने कर बसला, तो याच दिशेचा प्रयत्न होता.

आता तुमच्या ताटाकडे येते. नीरफणस भाजी म्हणून देऊ नका, भाताच्या बदली द्या. शंभर ग्रॅम शिजलेल्या भातात सुमारे २८ ग्रॅम कर्बोदके असतात आणि तेवढ्याच नीरफणसात सुमारे २७. फरक इतकाच की नीरफणसात जवळपास ५ ग्रॅम तंतू असतात आणि पांढऱ्या भातात अर्धा ग्रॅमही नसतो. म्हणून ज्या दुपारी नीरफणस उकडाल किंवा त्याचे काप थोड्या तेलावर भाजाल, त्या दुपारी भात नको. कसावा आणि अरवी यांनाही हाच नियम लावा.

दालपुरीत वाटाण्याची डाळ असते हे खरे, पण वरचे आवरण मैद्याचे असते आणि ती दोन-दोनच्या जोडीने विकली जाते. एकच घ्या आणि सोबतच्या ‘ग्रो प्वा’चा, म्हणजे मोठ्या पांढऱ्या घेवड्याचा, रस्सा जास्त मागा. सब्जा निर्दोष आहे. आलुद्यातले साखरेचे सरबत हे त्या २४१ आकड्याचे मोठे कारण असावे. घरी बिनसाखरेच्या दुधात किंवा ताकात सब्जा भिजवून दिलात, तर त्यांची आवडही राहील.

रोजच्या ताटाचा निम्मा भाग पालेभाजी आणि फळभाजी यांनी भरा, पाव भागात मासा किंवा घट्ट डाळ, उरलेल्या पाव भागात भात. आधी भाजी आणि मासा, मग भात, या क्रमाने जेवल्यास जेवणानंतरची साखर कमी चढते. कोणी कारल्याचा रस सुचवला, तरी मेटफॉर्मिन स्वतःहून थांबवू नका. ही गोळी वर्षानुवर्षे घेणाऱ्यांत ब१२ जीवनसत्त्व कमी होऊ शकते, तेव्हा त्याची तपासणी अधूनमधून करून घ्या.

पोर्टलुई_सहा_वर्षे
नोकरीनिमित्त मी त्या बेटावर राहिलो आहे, म्हणून फक्त दोन गोष्टी. तेथील खारी मासळी, विशेषतः ‘स्नूक’, कोकणी माणसाला सुकटीची आठवण करून देते आणि टोमॅटोच्या ‘रुगाय’मध्ये ती अतिशय रुचकर लागते, पण सासूबाईंना रक्तदाब आहे हे विसरू नका, त्यांच्यासाठी ताजा मासाच बरा. दुसरे म्हणजे जेवणानंतर पंधरा मिनिटे चालणे. माझी स्वतःची साखर गोळी न वाढवता आटोक्यात राहिली, ती त्यामुळेच, असे माझे डॉक्टर सांगत.

कर्लीकाठ
सर्वांचे मनापासून आभार. आज सकाळी बाजारातून मुरुम आणि सोंज आणले. सासूबाईंनी अळूची जुडी हातात घेतली, देठ मोडून पाहिला आणि “हे तर आपलेच” म्हणाल्या. बऱ्याच दिवसांनी त्या स्वतः स्वयंपाकाला उभ्या राहिल्या. दुपारी अळू, भाजलेला मासा आणि एक वाटी भात असे जेवून आम्ही दोघी खाली रस्त्यावर चालून आलो. दोन तासांनी साखर १६२ आली. एक शंका राहिली: त्यांच्या हातच्या कोणत्याच आमटीला नारळाशिवाय चव येत नाही, तर नारळ किती वापरावा?

पोषणवही
१६२ हा आकडा उत्तम आहे, पण एका दिवसावर निर्णय घेऊ नका. आठवड्यात तीन-चार वेळा वेगवेगळ्या जेवणांनंतर तपासून वहीत लिहा आणि ती वही डॉक्टरांना दाखवा. नारळाने साखर फारशी चढत नाही, मात्र त्याच्या स्निग्धांशात संपृक्त मेद ८० टक्क्यांहून अधिक असतो. चौघांच्या आमटीला ओल्या खोबऱ्याचे दोन मोठे चमचे पुरतात. वाटणाला दाटपणा हवा असेल, तर त्यात शिजलेली डाळ किंवा उकडलेला दुधी घाला. पुढच्या रक्ततपासणीत कोलेस्टेरॉलही पाहून घ्या, म्हणजे हे प्रमाण तेवढेच ठेवावे की आणखी कमी करावे, ते ठरवता येईल.