रॉबर्ट पीलने शेतकऱ्याचा भाव पाडला का?

निफाडकर:
नाशिकला अभ्यासिकेत स्पर्धा परीक्षेची तयारी करतोय. ब्रिटनचा पंतप्रधान पील याने १८४६ ला धान्य कायदे रद्द करून परदेशी गव्हाला वाट मोकळी केली, याचं पुस्तकात कौतुकच कौतुक. वडिलांना फोनवर सांगितलं, तर म्हणाले, "म्हणजे तिथल्या शेतकऱ्याला मारला." डिसेंबर २०२३ ला कांद्यावर निर्यातबंदी झाली तेव्हा आमचा लाल कांदा काढणीला आलेला. लासलगावला भाव ऐकून वडील किती वेळ ट्रॅक्टरवरून खाली उतरले नव्हते. त्यांना काय उत्तर देऊ?

निवृत्त मास्तर:
बाळा, आधी तो गहू कोणाचा होता ते बघ. जमीन बड्या जमीनदारांची, कसणारा खंडकरी, राबणारा मजूर. १८१५ च्या धान्य कायद्याने भाव क्वार्टरला (धान्याचं जुनं इंग्रजी माप) ८० शिलिंग होईपर्यंत बाहेरचा गहू बाजारात येऊ देत नसत. भाव चढला की खंड चढायचा, आणि मजुराला पाव विकतच घ्यावा लागायचा. पील सूतगिरणीवाल्याचा मुलगा, पण पक्ष जमीनदारांचा. त्याच्याच पक्षाच्या बहुसंख्य खासदारांनी विरोधात मतं दिली. २५ जून १८४६ ला लॉर्ड्समध्ये, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहात, कायदा रद्द झाला आणि त्याच रात्री आयर्लंडबाबतच्या एका वेगळ्याच विधेयकावर त्याचं सरकार पाडलं. चार दिवसांत राजीनामा. सत्ता जाणार हे दिसत असून तो मागे हटला नाही, म्हणून मी त्याला मानतो. आपली बंदी दोन-तीन एकरवाल्यावर आली. दोन्ही एका मापाने मोजू नकोस.

द्राक्षवाला, ओझर:
कायदे रद्द व्हायला निमित्त झालेला आयर्लंडचा बटाटा विसरू नका. १८४५ चा बटाट्यावरचा तो करपा आपल्या द्राक्षावरच्या डावणी रोगाच्याच जातकुळीतला. ढगाळ, दमट हवा मिळाली की बघता बघता पानं काळी पडतात. आपण निदान फवारणी तरी करतो, त्यांच्याकडे काहीच नव्हतं. बोर्डो मिश्रण (मोरचूद-चुन्याचं बुरशीनाशक) यायला अजून ४० वर्षं होती. पीक गेलं, दुष्काळ पडला, पीलने उपाशी लोकांसाठी अमेरिकेतून मका मागवला, पण तेवढ्याने काय होणार!

निफाडकर:
सर, वडिलांना सगळं वाचून दाखवलं. ते विचारतात, त्या खंडकऱ्याचं पुढे काय झालं?

निवृत्त मास्तर:
भाव लगेच कोसळला नाही. १८७० नंतर रेल्वे आणि आगबोटींनी अमेरिकेचा स्वस्त गहू येऊ लागला, तेव्हा मात्र गहू पिकवणारे खरंच बुडाले. वडिलांची शंका खोटी नव्हती, तसं सांग त्यांना. ते बघायला पील नव्हता. १८५० ला लंडनमध्ये घोड्यावरून पडला आणि तीन दिवसांनी गेला.