येळवशीचा स्वयंपाक बायांनीच का करायचा?

लातूरची सून
येळवशीला, म्हणजे वेळ अमावास्येच्या सणाला, जिल्हाधिकारी स्थानिक सुट्टी देतात, अख्खं लातूर शेतात जातं. चुलीपुढच्या बाईला मात्र सुट्टी नाही. मी नर्स आहे. औंदा दुपारपाळी करून रात्री दहाला घरी आले, तर सासूबाई तूर सोलत बसलेल्या. मग दोघी पहाटे चारपर्यंत: भज्जी (शेंगा-भाज्यांची बेसन लावलेली भाजी), बाजरीचे उंडे, गव्हाची खीर, शेंगाच्या पोळ्या. सकाळी नवऱ्यानं आंबिलीचं बिंदगं (घागर) डोक्यावर घेतलं, सगळ्यांनी त्याचे फोटो काढले. सण मला सोडायचा नाही. शेतात कडब्याच्या कोपीत पांडव पुजताना माझाही ऊर भरून येतो. पण दीर आणि नवऱ्यानं सोलायला, लाटायला बसावं, एवढं मागणं जास्त आहे का?

औशाची मावशी
बाई, चाळीस वर्षं करतेय, कुणी जबरदस्ती केली नाही. माणसं कडबा वाहतात, कोप रचतात, दिवसभर पाहुण्यांना जेवू घालतात. कामं वाटलेलीच आहेत. त्या रात्री जावा-जावा चुलीपुढं जे बोलतो ते वर्षभरात कुठं बोलतो? तिथं पुरुष येऊन बसले की ते गेलं.

निलंगेकर
मावशी, कोप मी रचतो. दोन तासांत होते. गेल्या साली बायकोचं ऑपरेशन झालेलं, म्हणून मी आणि भावानं भज्जी केली. बेसनाच्या गुठळ्या झाल्या, आईनं मीठ वाढवलं. तरी पातेलं पुसून गेलं.

धाराशिवची लेक
चुलीच्या आधी सातबारा बघा. १९९४ ला महाराष्ट्रानं आणि २००५ ला देशानं लेकीला वडिलोपार्जित जमिनीत जन्मानं वाटा दिला. मी हक्कसोडपत्रावर सही केली नाही, तर दोन वर्षं माहेरून येळवशीचं बोलावणं नाही. शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी लक्ष्मीमुक्ती मोहिमेत नवऱ्यांना सांगितलं होतं, बायकोच्या नावानं जमीन करा. किती गावांत आज तसे सातबारे दिसतात? ज्या काळ्या आईला नैवेद्य दाखवायचा, तिच्या कागदावर आपलं नाव नको?

औशाची मावशी
लेकीला न बोलावणं चूकच, पोरी. आमच्या सातबाऱ्यावर सुनेचं नाव मीच लावायला लावलं. चुलीचं मात्र माझं मत तेच.

लातूरची सून
मावशी, ते बोलणं मलाही हवंय. पण पहाटे चारला आम्ही बोलत नव्हतो. मी तव्यापाशी पेंगत होते आणि बासष्ट वर्षांच्या सासूबाई म्हणत होत्या, "तू नीज, मी उरकते." पुढच्या येळवशीला तुरीच्या शेंगांनी भरलेलं सूप सोलायला दिराच्या पुढ्यात ठेवणार आहे. सासूबाईंना सांगून झालंय.