१०५४ चा ‘पाहुणा तारा’ आणि क्रॅब तेजोमेघ: हा संबंध कितपत पक्का आहे?

मृगशीर्ष यांचा प्रश्न

खगोलशास्त्रावरील मराठी पुस्तकांत एक वाक्य हमखास आढळते: इ.स. १०५४ मध्ये चिनी ज्योतिर्विदांनी वृषभ राशीत एक नवा तारा (त्यांच्या भाषेत ‘पाहुणा तारा’) पाहिला आणि त्याच ताऱ्याच्या स्फोटाचे अवशेष म्हणजे आजचा क्रॅब तेजोमेघ. अलीकडे मूळ चिनी नोंदींची भाषांतरे चाळताना दोन गोष्टी खटकल्या, म्हणून हा धागा काढत आहे.

पहिली गोष्ट दिशेची. सोंग राजवंशाच्या इतिहासात हा तारा ‘तियानग्वान’ या ताऱ्याच्या आग्नेयेस काही अंगुळांवर उगवला, असे स्पष्ट म्हटले आहे. तियानग्वान म्हणजे वृषभाच्या दक्षिणेकडील शिंगाच्या टोकाचा झीटा टॉरी, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. परंतु नकाशा उघडून पाहिला तर क्रॅब तेजोमेघ झीटा टॉरीच्या वायव्येस, साधारण एका अंशावर आहे. म्हणजे दिशा नेमकी उलटी. दुसरी गोष्ट वयाची. तेजोमेघातील वायूचे तंतू आज ज्या वेगाने पसरत आहेत त्या वेगाने हिशेब मागे नेला, तर सारे तंतू एका बिंदूत येण्याचे वर्ष १०५४ नव्हे, तर ११४० च्या आसपास निघते.

दिशा जुळत नाही आणि वर्षही जुळत नाही, तरीही हा संबंध निर्विवाद कसा मानला जातो? शिवाय दिवसाढवळ्या दिसणाऱ्या या ताऱ्याची नोंद आपल्याकडे कोणीच कशी केली नाही, याविषयीही जाणकारांनी लिहावे, ही विनंती.

वर्णपट यांचा प्रतिसाद

दोन्ही शंका रास्त आहेत आणि अभ्यासकांनाही त्या पडलेल्या आहेत. वयाची शंका आधी घेतो, कारण तिचे उत्तर अधिक समाधानकारक आहे.

तेजोमेघ पसरत असल्याचे प्रथम १९२१ मध्ये लक्षात आले. जॉन डंकन यांनी माउंट विल्सन वेधशाळेत सुमारे साडेअकरा वर्षांच्या अंतराने घेतलेली दोन छायाचित्रे ताडून पाहिली, तेव्हा तंतू केंद्रापासून दूर सरकलेले दिसले. त्याच वर्षी क्नूट लुंडमार्क यांनी जुन्या चिनी नोंदींतील संशयित नवताऱ्यांची यादी प्रसिद्ध केली आणि १०५४ च्या ताऱ्याचे स्थान या तेजोमेघाजवळ येते, हे त्यांच्या नजरेतून सुटले नाही. १९२८ मध्ये एडविन हबल यांनी प्रसरणाच्या वेगावरून वय सुमारे ९०० वर्षे येते असे दाखवून दोन्ही धागे जोडले. १९४२ मध्ये निकोलस मेयॉल आणि यान ऊर्ट यांनी, चिनी भाषेचे पंडित डायवेंडाक यांनी तपासलेल्या मजकुराच्या आधारे, ही घटना साध्या नवताऱ्याची नसून अतिनवताऱ्याची, म्हणजे ताऱ्याच्या प्रचंड स्फोटाची, होती हे मांडले.

पुढे व्हर्जिनिया ट्रिंबल यांनी १९६८ मध्ये अधिक काटेकोर मोजमाप केले, तेव्हा ११४० च्या आसपासचे वर्ष निघाले. हा फरक मोजमापातील चूक म्हणून सोडून देता येत नाही. आपला हिशेब तंतूंचा वेग आरंभापासून आजपर्यंत एकच होता असे गृहीत धरतो. स्फोटानंतर बाहेर फेकला गेलेला वायू सहसा भोवतालच्या वायूला धडकून मंदावतो, आणि तसे असते तर हिशेबाने वय प्रत्यक्षापेक्षा जास्त दाखवले असते. येथे ते कमी दिसते, याचा अर्थ तंतूंचा वेग वाढला आहे, त्यांना आतून कोणीतरी ढकलत आहे.

हे ‘कोणीतरी’ कोण, ते त्याच वर्षी, १९६८ मध्येच, कळले. तेजोमेघाच्या मध्यभागी सेकंदाला सुमारे ३० वेळा स्वतःभोवती फिरणारा स्पंदक (पल्सर, म्हणजे स्फोटानंतर उरलेला अतिशय दाट गाभा) सापडला. त्याच्या एका फेरीला लागणारा वेळ रोज सुमारे ३६ अब्जांश सेकंदाने वाढतो. फिरण्याची ही ऊर्जा विद्युतभारित कणांच्या वाऱ्यावाटे तेजोमेघात ओतली जाते आणि तिचे प्रमाण सूर्याच्या एकूण प्रकाशऊर्जेच्या लाखपटीहून अधिक आहे. एवढा जोर आतून लागत असता तंतू वेग घेतील यात नवल नाही. म्हणजे तुम्हाला खटकलेली ८०-८५ वर्षांची तफावत ही स्पंदकाच्या कामाची पावती आहे, आणि ही पावती वाचता येते तीदेखील १०५४ हे वर्ष चिनी दफ्तरातून स्वतंत्रपणे हाती आहे म्हणूनच.

आता दिशा. ‘आग्नेयेस’ हा शब्द मजकुरात आहे आणि त्याचे सर्वमान्य स्पष्टीकरण आजही नाही. नकलताना दिशा उलटी लिहिली गेली असावी, असे बहुतेकांना वाटते. मला ते पटते, पण सिद्ध झालेले नाही. मात्र नोंद एकच नाही. सोंग दरबाराच्या दुसऱ्या एका संग्रहात हा तारा पहाटे पूर्वेस उगवून तियानग्वानपाशी थांबला, शुक्रासारखा दिवसा दिसला, त्याचे किरण चहूकडे फाकले होते, रंग तांबूस पांढरा होता आणि तो २३ दिवस दिवसा दिसत राहिला, असे वर्णन आहे. तेथे आग्नेयेचा उल्लेख नाही. जपानमधील फुजिवारा नो तेइका या कवीने १२३० मध्ये आपल्या रोजनिशीत जुन्या पाहुण्या ताऱ्यांची टिपणे उतरवून घेतली, त्यांतही हा तारा तियानग्वानपाशीच आहे आणि आकाराने गुरूएवढा म्हटला आहे. गंमत म्हणजे या जपानी टिपणात महिना चुकलेला दिसतो. त्यात दिलेल्या महिन्यात आकाशाचा हा भाग सूर्याच्या फार जवळ होता. नकलकारांच्या हातून अशा चुका होत, याचा हा धडधडीत दाखला आहे.

राहिला प्रश्न पर्यायाचा. हा तारा ४ जुलै १०५४ पासून ६ एप्रिल १०५६ पर्यंत, म्हणजे सुमारे २१ महिने, जागा न सोडता दिसला. तेव्हा तो धूमकेतू नव्हता. झीटा टॉरीच्या आग्नेयेस शोध घेतला तर हजार वर्षांच्या आसपासचे, साध्या डोळ्यांना दिवसा दिसावा एवढ्या तेजस्वी स्फोटाचे कोणतेही अवशेष तेथे नाहीत. वायव्येस मात्र सुमारे ६,५०० प्रकाशवर्षांवर, योग्य वयाचा, मध्यभागी तरुण स्पंदक असलेला तेजोमेघ आहे. एका शब्दाच्या विरोधात एवढा पुरावा उभा असेल, तर शब्दावर शंका घेणे मला रास्त वाटते.

ध्रुवमत्स्य यांचा प्रतिसाद

वर्णपट यांच्या निष्कर्षाशी सहमत आहे, परंतु ‘तेथे दुसरे काही नाही’ हा युक्तिवाद जपून वापरावा लागतो. ११८१ चा तारा हे त्याचे उत्तम उदाहरण आहे.

६ ऑगस्ट ११८१ रोजी शर्मिष्ठा तारकासमूहात पाहुणा तारा दिसला. दक्षिणेकडील सोंग, उत्तरेकडील जिन आणि जपान अशा तिन्ही ठिकाणी त्याच्या नोंदी झाल्या आणि तो १८५ दिवस टिकला. विसाव्या शतकात रेडिओ दुर्बिणींना त्याच भागात ‘३सी ५८’ हे अवशेष सापडले. क्रॅबप्रमाणेच त्याच्या मध्यभागी वेगाने फिरणारा स्पंदक आहे, स्थान ढोबळमानाने जुळते आणि जवळपास दुसरा उमेदवार नव्हता. त्यामुळे कित्येक दशके हेच ११८१ चे अवशेष असे छापले जात होते. कुरकुर मात्र चालूच होती. या अवशेषांचा पसरण्याचा वेग इतका कमी भरतो, की त्यावरून वय काही हजार वर्षे निघते, आणि स्पंदकाच्या मंदावण्यावरूनही तेच सुचते. क्रॅबमध्ये वयाची तफावत समजावून देणारे कारण हाती होते. येथे तसे कारण मिळेना.

२०१३ मध्ये डॅना पॅचिक या हौशी निरीक्षकाला ‘वाइझ’ या अवरक्त अवकाश दुर्बिणीच्या चित्रांत शर्मिष्ठेतच एक गोलसर तेजोमेघ दिसला. त्याला ‘पीए ३०’ हे नाव मिळाले. पुढे त्याच्या मध्यावरील ताऱ्याचा वर्णपट (रंगांनुसार विभागलेला प्रकाश) घेतला गेला आणि तो चमत्कारिक निघाला: हायड्रोजन नाही, हीलियम नाही, पृष्ठभागाचे तापमान सुमारे दोन लाख अंश आणि त्यावरून सेकंदाला सुमारे १६,००० किलोमीटर वेगाने सुटणारा वारा. दोन श्वेत बटू (ताऱ्यांचे उरलेले दाट गाभे) एकमेकांत विलीन होऊन झालेला, पण तारा पुरता नष्ट न करणारा अर्धवट स्फोट, असे त्याचे स्पष्टीकरण दिले जाते. २०२१ मध्ये तेजोमेघाच्या प्रसरणावरून वय सुमारे हजार वर्षे काढण्यात आले, आणि त्यानंतर तंतूंच्या वेगाची जी मोजणी झाली तीही ११८१ शी जुळते. अर्धवट स्फोट तुलनेने मंद असणार, आणि जुन्या नोंदींतील हा ताराही शनीसारखा, म्हणजे १०५४ च्या मानाने फिकाच, वर्णिला आहे.

तेव्हा क्रॅबचा संबंध मी पक्का मानतो तो केवळ दुसरा उमेदवार नाही म्हणून नव्हे, तर स्थान, वय, अंतर आणि तेज हे चारही हिशेब एकत्र बसतात म्हणून. ३सी ५८ च्या बाबतीत वयाचा हिशेब पहिल्यापासून बसत नव्हता.

मृगशीर्ष

दोघांचेही आभार. ११४० चे कोडे असे उलगडेल याची कल्पना नव्हती. मग टायको आणि केप्लर यांच्या (१५७२ आणि १६०४ मध्ये दिसलेल्या) ताऱ्यांबाबतही असे वाद आहेत का? आणि भारतीय नोंदींविषयी अजून कोणी लिहिलेले नाही.

वर्णपट

टायको-केप्लर यांच्याबाबत जागेचा वाद नाही, कारण तेथे दिशेच्या शब्दावर अवलंबून राहावे लागत नाही. टायको ब्राहे यांनी नोव्हेंबर १५७२ मध्ये शर्मिष्ठेतील ताऱ्याची भोवतालच्या ताऱ्यांपासूनची कोनीय अंतरे मोजून ठेवली, आणि त्या जागी १९५२ मध्ये रेडिओ अवशेष सापडले. ऑक्टोबर १६०४ मध्ये भुजंगधारी तारकासमूहात दिसलेल्या ताऱ्याच्या वेळी तर गुरू, शनी आणि मंगळ तेथेच जवळ जमलेले असल्याने साऱ्या युरोपातील ज्योतिषांचे डोळे त्या जागेवर आधीच खिळलेले होते. शिवाय कोरियाच्या दरबारी इतिहासात त्याच्या तेजाच्या नोंदी महिनोन्‌महिने आहेत.

१५७२ च्या ताऱ्याविषयी एक गोष्ट आवर्जून सांगण्याजोगी आहे. त्याचा काही प्रकाश दूरच्या धुळीच्या ढगांवर आपटून, लांबचा वळसा घेऊन, आत्ता पृथ्वीवर पोहोचत आहे. २००८ मध्ये त्याचा वर्णपट घेण्यात आला आणि टायको यांनी पाहिलेला तारा ‘एक-अ’ प्रकारचा, म्हणजे श्वेत बटूचा स्फोट होता, हे थेट त्या स्फोटाच्याच प्रकाशावरून ठरले.

पंचांगवाचक यांचा प्रतिसाद

भारतीय नोंदींविषयी. जयंत नारळीकर आणि संस्कृतच्या अभ्यासक सरोजा भाटे यांनी जुन्या वाङ्मयात अशा नोंदींचा शोध घेतला होता, परंतु १०५४ च्या ताऱ्याचा निर्विवाद म्हणावा असा उल्लेख हाती लागला नाही.

याचे कारण म्हणून पावसाळ्याकडे बोट दाखवले जाते आणि त्यात तथ्य आहे. तारा दिवसा दिसला ते २३ दिवस जुलैतले. त्या काळात कोकणात किंवा घाटमाथ्यावर सूर्य दिसण्याची मारामार, तेथे पहाटेचा तारा कोठून दिसणार? पण हे कारण पुरे पडत नाही. आश्विन-कार्तिकात आकाश मोकळे झाले तेव्हा तारा मंदावला असला, तरी साध्या डोळ्यांना दिसत होता आणि रात्रीचा बराच वेळ वर होता. १००६ चा वृक तारकासमूहातील तारा तर याहून कितीतरी तेजस्वी होता. कैरोच्या अली इब्न रिदवानने त्याचा प्रकाश चंद्रप्रकाशाच्या चतुर्थांशाहून थोडा अधिक असल्याचे लिहिले आहे. तो मे महिन्याच्या आरंभी उगवला. आपल्या अक्षांशावरून तो मध्यरात्रीच्या सुमारास दक्षिण क्षितिजापासून ३० अंशांहून अधिक उंचीवर आला असणार, आणि तेव्हा पाऊस सुरू झालेला नसतो. स्वित्झर्लंडमधील सेंट गॉलच्या मठात, डोंगरांच्या कडेला जेमतेम टेकलेला तोच तारा भिक्षूंनी पाहून लिहून ठेवला. आपल्याकडे मात्र त्याचीही खात्रीची नोंद नाही.

माझ्या मते खरा फरक नोंद ठेवण्यामागच्या हेतूत आहे. चीनमध्ये आकाशातील प्रत्येक अनपेक्षित गोष्ट सम्राटाला कळवणे हे एका सरकारी खात्याचे कामच होते. १०५४ च्या ऑगस्टमध्ये यांग वेइदे या ज्योतिषाने याच ताऱ्याचा सम्राटाला अनुकूल असा अर्थ लावून अहवाल सादर केला, तो त्या कामाचाच भाग होता. आपल्याकडे सिद्धान्तग्रंथांचा सारा भर गणितावर होता आणि जे गणिताने आधी सांगता येत नाही त्याला त्यात जागा नव्हती. अनपेक्षित गोष्टी संहिताग्रंथांत येतात. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत केतूंवर (म्हणजे धूमकेतू व तत्सम ज्योतींवर) स्वतंत्र अध्याय आहे. पण तेथे प्रकार आणि त्यांची फळे आहेत, कोणता केतू कोणत्या शकात दिसला ही तारीखवार जंत्री नाही. तारीखवार माहिती मिळते ती शिलालेखांत आणि ताम्रपटांत, आणि त्यांत ग्रहणे विपुल आहेत, कारण ग्रहण हा दानाचा पर्वकाळ होता. शिलाहार किंवा कल्याणीचे चालुक्य यांच्या काळातील दानलेख पाहिले, तर सूर्यग्रहण, चंद्रग्रहण, संक्रांत असे निमित्त आवर्जून दिलेले आढळते. नव्या ताऱ्याच्या निमित्ताने गाव दान द्यावे असा विधीच नव्हता, मग तो ताम्रपटावर कोरला जाणार कशाला?

काश्मीरमधील बुर्झाहोम येथील शिलाचित्रात दोन तेजस्वी गोल आणि शिकारी दिसतात. टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील मयंक वाहिया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यातील एक गोल हजारो वर्षांपूर्वीचा अतिनवतारा असावा असे सुचवले आहे. कल्पना रंजक आहे, परंतु वर ध्रुवमत्स्य यांनी सांगितलेल्या चार हिशेबांपैकी चित्रावरून एकही काटेकोरपणे करता येत नाही, त्यामुळे तिला १०५४ च्या पंक्तीत बसवता येणार नाही.

शोध घ्यायचाच असेल, तर इ.स. १०५४ ते १०५६, म्हणजे शके ९७६ ते ९७८, या काळातील कन्नड आणि संस्कृत लेख एकेक करून तपासावे लागतील. त्यांतील पुष्कळसे प्रसिद्ध झालेले आहेत, पण ते वाचले गेले ते राजवंशांच्या इतिहासासाठी.