सहा महिने एकच ड्रेस
"कमी वस्तूंत राहणं यात कला कुठली?" असं कुणीतरी विचारतंच. आंद्रेआ झिटेल ही अमेरिकन कलाकार बघा. १९९१ च्या सुमारास न्यूयॉर्कमध्ये गॅलरीत नोकरीला होती. रोज नीटनेटकं दिसायचं, पैसे बेताचे. मग एकच ड्रेस तयार करून सहा महिने रोज तोच घातला! २००० मध्ये ती कॅलिफोर्नियात जोशुआ ट्रीजवळच्या वाळवंटात राहायला गेली. रद्दीचा लगदा पत्र्याच्या ट्रेमध्ये उन्हात वाळवून त्याचे फळीसारखे तक्ते केले. तिथे पाहुण्यांना झोपायला माणूस मावेल एवढ्याच पेट्या. पुढचं झाकण वर उचललं की समोर वाळवंट. स्वयंपाकघर उघड्यावर, सामायिक. शिवाय सकाळी तासभर पाहुण्यांनीही कामाला हात लावायचा. मला तर ड्रेसपेक्षा हेच अवघड वाटतं. आमच्या सोसायटीत जिना झाडण्यावरून दोन मीटिंगा झाल्यात.