मदत हवी आहे: मामांचे डॉलर सरकारजमा, हायकोर्टात स्टे मिळेल का?

भाचा_चिपळूण:
तातडीचं आहे. मामांच्या घरातून डॉलर नेले होते. आता ऑर्डर आलीय, सगळे सरकारजमा, वर तीन लाख दंड. फेमा, म्हणजे परकीय चलनाचा कायदा, लावलाय. 22 वर्षं शारजात राबून मिळवलेला पैसा आहे, हवालाबिवाला काही नाही. हायकोर्टात स्टे घ्यायला खर्च किती, दिवस किती? माहीत असेल त्यानेच लिहा.

खडूस_काका:
किती डॉलर? कुणी नेले? कधी? मामा परत कधी आले? ज्योतिषीसुद्धा जन्मवेळ विचारतो हो.

दुबईरिटर्न:
माझी चेन विमानतळावर कस्टम्सने धरली होती. दंड भरला, सोडवली. कलम 125. तेच करा.

वकीलीणबाई:
दुबईरिटर्न, ते कस्टम्स कायद्याचं 125, तिथे अपीलही वेगळ्या दारी, 60 दिवसांत. इथे घरातून नेलेत. धागाकर्ते, ऑर्डरवर सही कुणाची आहे? ईडीचा असिस्टंट/डेप्युटी डायरेक्टर, की त्यावरचा अधिकारी? आणि ऑर्डर हातात कधी पडली?

भाचा_चिपळूण:
तारखेचं काय घेऊन बसलात, स्टेचं सांगा ना. 18 हजार डॉलर. मामा 2014 ला आले. सही असिस्टंट डायरेक्टरची.

निवृत्त_बँकर:
इथेच गफलत आहे. रहिवाशाला परकीय नोटा 2000 डॉलरपर्यंतच ठेवता येतात. बाकीच्या परतल्यावर 180 दिवसांत बँकेला विकायच्या किंवा आरएफसी खात्यात, म्हणजे रहिवाशाच्या परकीय चलनाच्या खात्यात, टाकायच्या. काउंटरवर हे मी किती जणांना सांगितलं असेल! पण माणसं फॉर्म बघितला की घाबरतात आणि नोटा गोदरेजच्या कपाटात ठेवतात.

भाचा_चिपळूण:
गोदरेजमध्येच होत्या. मामींच्या शालूच्या घडीत.

संविधानप्रेमी:
थेट हायकोर्टात रिट याचिका टाका. घटनेचं कलम 226. मूलभूत हक्काचा प्रश्न आहे.

वकीलीणबाई:
टाकू नका. फेमात अपिलाची शिडी आहे. ती सोडून रिटमध्ये आलेल्याला सुप्रीम कोर्टाने 2010 साली राजकुमार शिवहरे प्रकरणात परत पाठवलंय. असिस्टंट डायरेक्टरची ऑर्डर म्हणजे पहिलं अपील कलम 17 खाली, स्पेशल डायरेक्टर (अपील्स) यांच्याकडे. तिथून अपिलाचं ट्रायब्युनल. मग कलम 35 खाली हायकोर्ट, तेही फक्त कायद्याच्या मुद्द्यावर. ‘मामा प्रामाणिक आहेत’ हे तिथे कुणी ऐकत नाही. ते पहिल्या पायरीवरच कागदासकट सांगायचं.

संविधानप्रेमी:
म्हणजे न्यायालयाचे दरवाजे बंद? वा रे लोकशाही.

खडूस_काका:
बंद नाहीत, जिना चढून जायचंय. लिफ्ट नाही एवढंच.

साधीसुधी:
मुलाची कॅनडाची फी भरायची आहे. वर्षाला बाहेर पाठवायची अडीच लाख डॉलरची मर्यादा आई-बाबांची मिळून की वेगवेगळी?

निवृत्त_बँकर:
माणशी वेगळी. पण ताई, वेगळा धागा काढा.

भाचा_चिपळूण:
मामी रडतायत. अटक होईल का? आणि दंड आधी भरावा लागतो म्हणे?

वकीलीणबाई:
अटकेची भीती फेराच्या, म्हणजे आधीच्या परकीय चलन कायद्याच्या, काळातली. 1 जून 2000 पासून फेमा आहे, मामला दिवाणी. मात्र दंड 90 दिवसांत भरला नाही तर दिवाणी कैदेची तरतूद आहे, तेव्हा अपिलासोबत स्थगितीचा अर्जही द्या. दंड आधी जमा करायची अट कलम 19 ची, ट्रायब्युनलच्या अपिलाला. खरी अडचण दाखवली तर तीही शिथिल होऊ शकते.
आणखी एक. ‘नेले’ तेव्हा ती जप्ती होती, मालकी मामांचीच. आता सरकारजमा केलेत म्हणजे मालकी गेली. हे दंडाव्यतिरिक्त आहे, कलम 13(2). त्यामुळे नुसता दंड कमी करून मागू नका, सरकारजमेलाही आव्हान द्या. निदान 2000 डॉलर तरी सोडा, हा मुद्दा मी घातला असता. ऑर्डरच्या आधीच्या शो कॉजला, कारणे दाखवा नोटिशीला, उत्तर दिलं होतंत?

भाचा_चिपळूण:
नाही. एका सीएने सांगितलं, गप्प बसा, आपोआप मिटेल.

खडूस_काका:
मिटलं की.

दुबईरिटर्न:
म्हणून सोनं घ्यावं. डॉलर कशाला?

वकीलीणबाई:
तारीख अजून दिली नाहीत. अपिलाला ऑर्डर मिळाल्यापासून 45 दिवस आहेत.

भाचा_चिपळूण:
मामींनी सही करून पाकीट घेतलं आणि देव्हाऱ्याच्या खालच्या खणात ठेवलं. पोस्टाच्या साइटवर नंबर टाकून आत्ता बघितलं. आज 39वा दिवस.

वकीलीणबाई:
सहा दिवस. उशीर माफ होऊ शकतो, पण त्या भरवशावर बसू नका. उद्याच वकील गाठा. पाकिटासकट ऑर्डर, मामांचे पासपोर्ट, शारजाची पगारपत्रकं.

भाचा_चिपळूण:
पगारपत्रकं रद्दीत गेली. एक्स्चेंजवाल्याच्या पावत्या आहेत, दर सुट्टीला तीन-चार हजार डॉलर घेतल्याच्या.

निवृत्त_बँकर:
अहो, हे आधी सांगायचं! नोटा 5000 डॉलरच्या आत असल्या तर आणताना विमानतळावर जाहीर कराव्या लागत नाहीत. म्हणजे आणल्या सरळ मार्गाने, ठेवल्या चुकीच्या.

वकीलीणबाई:
मूळ पावत्या द्या. शाई उडाली असेल तर आधी फोटो काढा.

भाचा_चिपळूण:
अर्ध्या कोऱ्या झाल्यात. उन्हात धरल्या की आकडे दिसतात.

साधीसुधी:
आमच्याकडे सिंगापूरची मूठभर नाणी आहेत, ती पण द्यावी लागतील का?