मदत हवी आहे: अवकाशाला चुणी पाडणारं यान थांबवायचं कोणी?

नमस्कार मंडळी,

एका विज्ञानकथेत अडकले आहे. माझं भौतिकशास्त्र बी.एस्सी.पर्यंतचं, त्यालाही वीस वर्षं झाली. चूक दिसली तर जाणकारांनी स्पष्ट सांगावं.

कथा लाखभर वर्षांनंतरची आहे. त्या लोकांना अवकाश वाकवता येतं. यान जागचं हलत नाही, त्याच्यापुढचं अवकाश आकसतं आणि मागचं पसरतं. ही कल्पना माझी नाही. मिगेल अल्क्युबिएरे या मेक्सिकन शास्त्रज्ञाने १९९४ मध्ये आइन्स्टाइनच्या समीकरणांच्या चौकटीतच हे गणित मांडलं. मला ते उमगलं घरच्या सतरंजीवर. मधोमध पाण्याची वाटी ठेवली आणि तिच्यापुढची सतरंजी चुण्या घालत गोळा केली. लांबचा काठ वाटीला येऊन टेकला, पण वाटीतलं पाणी हललंसुद्धा नाही. म्हणून कथेत या तंत्राला 'चुणी' म्हटलंय.

त्यासाठी ऋण ऊर्जा, म्हणजे शून्याहूनही कमी ऊर्जा लागते, तीही अफाट. १९९७ च्या एका हिशोबात ती दृश्य विश्वातल्या सगळ्या वस्तुमानापेक्षा जास्त निघाली होती, नंतर इतरांनी तो आकडा बराच खाली आणला. लाख वर्षांनी लोक ती मिळवतील, एवढी सूट मी घेतेय.

खरी अडचण वेगळीच आहे. यान प्रकाशाला मागे टाकू लागलं की आतून सोडलेला कुठलाही संकेत बुडबुड्याच्या, म्हणजे यानाभोवतीच्या वाकलेल्या अवकाशाच्या, पुढच्या भिंतीपर्यंत पोचत नाही. म्हणजे कप्तानाच्या हाती ना सुकाणू, ना ब्रेक. मग चुणी पाडणारी यंत्रं वाटेवर आधीच कुणीतरी मांडून ठेवायला हवीत, आणि ते काम प्रकाशापेक्षा कमी वेगानेच होणार. सूर्याला सगळ्यात जवळचा तारा, प्रॉक्झिमा सेंटॉरी, सव्वाचार प्रकाशवर्षांवर आहे. प्रकाशाच्या एक दशांश वेगाने गेलं तरी तिथवर वाट घालायला साधारण ४२ वर्षं!

इथे मला कथा सापडली. माझे वडील रेल्वेत कीमन होते. खांद्यावर हातोडा, हातात पाना, सोबत लाल-हिरवे झेंडे, आणि रोज ठरलेल्या टप्प्यात रुळांच्या चाव्या ठोकत चालायचं. गाडीतल्या एकाही माणसाला त्यांचं नाव माहीत नसायचं. माझी नायिका तशीच आहे, ताऱ्यांमधल्या वाटेची कीमन. तिचं काम मला खरं उतरवायचंय, नुसतं शोभेचं नको.

तर वाटेवर आधी पेरलेली यंत्रं हा उपाय तर्काला धरून आहे का? आणि दुसरं म्हणजे, सिडनीच्या संशोधकांनी २०१२ मध्ये दाखवलं की वाटेतले कण बुडबुड्याच्या पुढच्या बाजूला अडकत जातात आणि यान थांबताना प्रचंड ऊर्जेने पुढे फेकले जातात. मग बंदर कुठे बांधायचं? मुक्कामाचा ग्रहच भाजून निघायचा.

प्रतिसाद

ताई, पेरलेली यंत्रं चालतील. पण एक गोष्ट तुमच्या हिशोबातून सुटलीय. यान प्रकाशाच्या पुढे धावतंय, त्यामुळे 'गाडी येतेय' हा निरोप पुढच्या ठाण्याला यानाच्या आधी मिळूच शकत नाही. प्रत्येक यंत्राने आधी ठरलेल्या क्षणी आपणहून चालू व्हायला हवं. म्हणजे सगळा भार वेळापत्रकावर. एकदा यान सुटलं की ते रद्दही करता येणार नाही.

बंदराचं म्हणाल तर मारा मुख्यतः प्रवासाच्या दिशेने होतो. वाटेचं शेवटचं टोक ग्रहाच्या बाजूने जाऊ द्या, त्याच्यावर रोखू नका. शेवटचा पल्ला साध्या यानाने.

धागाकर्ती

दादा, मनापासून आभार. वेळापत्रकाचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. म्हणजे नायिकेच्या हातात हातोडा नाही, घड्याळ हवं. ठाण्यामागून ठाणं गाठून प्रत्येक यंत्राचं घड्याळ आपल्या घड्याळाशी जुळवत जायचं, हेच तिचं काम. बाबाही ड्यूटीवर निघण्याआधी स्टेशनातल्या घड्याळाशी आपलं घड्याळ लावून घ्यायचे.

आता नवीन प्रश्न. ती स्वतः प्रकाशाच्या एक दशांश वेगाने फिरतेय, तर त्या वेगामुळे तिचं घड्याळ हळू चालून जेमतेम अर्धा टक्का मागे पडेल. ४२ वर्षांत ते अडीच महिन्यांच्या आसपास जातं. ही दुरुस्ती तिने प्रत्येक ठाण्यावर कशी करायची, कुणी समजावून सांगेल का?