कानकुनहून चिचेन इत्सा आणि सेनोते: खाजगी गाडी-गाईड घ्यावा का? (सोबत आई-बाबा)

सातारी_ऑस्टिन

नमस्कार मंडळी. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात पाच दिवस कानकुनला चाललोय. आम्ही दोघं, नऊ वर्षांची लेक आणि साताऱ्याहून आलेले आई-बाबा. चार दिवस समुद्र, आणि एक दिवस माया लोकांचे अवशेष आणि सेनोते (पोहता येतं अशा नैसर्गिक विहिरी) बघायचा बेत आहे.

हॉटेलातून बस-टूर मिळते. खाजगी गाडी आणि गाईड घेतला तर पाच जणांत वाटूनही ते बसपेक्षा बरंच महाग पडतंय. एवढे पैसे घालावेत का? एके ठिकाणी तर एकाच दिवसात चिचेन इत्सा, कोबा, तुलुम (तिन्ही माया अवशेषांची ठिकाणं) आणि वर दोन सेनोते असं पॅकेज दाखवतायत. जमतं का हे?

अडचणी सांगतो. आईचे गुडघे: चढते, पण उतरताना त्रास होतो. शिवाय ती शाकाहारी, अंडंही नाही. लेकीला पिरॅमिड चढायचाय. आणि बाबांचं म्हणणं असं की घराजवळ लिंबची बारा मोटेची विहीर असताना विहीर बघायला मेक्सिकोला कशाला जायचं. यावर माझ्याकडे अजून उत्तर नाही.

गाडीवाला_एडिसन

राव, गाडी भाड्याने घ्या आणि स्वतः चालवा. कानकुन ते चिचेन इत्सा साधारण २०० किमी, १८०-डी हा टोल रस्ता, सरळसोट, दोन्ही बाजूंना झाडी आणि बाकी काही नाही. अडीच तास. टोल न भरता गावांतून जाणारा जुना रस्ताही आहे, पण तिथे 'तोपे' म्हणजे गतिरोधक इतके आणि असे की आपले पीडब्ल्यूडीवालेही लाजतील. गाईड दारात मिळतो, तिथेच ठरवा. अंधारात परतायचं टाळा, बस.

आणि व्हिसा बघून ठेवा. पासपोर्टवर अमेरिकेचा चालू व्हिसा असेल तर मेक्सिकोचा वेगळा लागत नाही, पण तो मुदतीत हवा. तुमचा एच-वन-बीचा शिक्का संपला असेल तर हातातलं मंजुरीपत्र दाखवून काम भागत नाही. आई-बाबांचा दहा वर्षांचा असेलच, त्यांची काळजी नाही.

लोणारकाठची

सातारी, आधी उत्तर, मग पाल्हाळ. खाजगी गाडी घ्या. आणि ते पाच ठिकाणांचं पॅकेज विसरा, त्यात तुम्ही फक्त गाडीच बघाल.

आम्ही ही सहल दोनदा केली. पहिल्यांदा बसने. बस साडेसहाला आमच्याकडे आली आणि पुढचा दीड तास इतर हॉटेलांचे उंबरे झिजवत फिरली. मग वाटेत एक दुकान. तिथे पाऊण तास दगडी कासवं आणि 'तुमचं नाव माया लिपीत' असली लॉकेटं. चिचेन इत्साला पोचलो तेव्हा ऊन डोक्यावर आणि झाडून सगळ्या बसा एकदमच आलेल्या. गाईडने तासाभरात उरकलं. सेनोतेवर पाऊण तास दिला, त्यातला निम्मा कपडे बदलायच्या रांगेत गेला. कंपनीचं नाव घेत नाही.

दुसऱ्यांदा सासू-सासरे आले होते म्हणून खाजगी गाडी केली. त्यात पैसे मोजले ते घड्याळाचे. कानकुन किंताना रू राज्यात येतं आणि चिचेन इत्सा युकातान राज्यात, आणि युकातानचं घड्याळ एक तास मागे असतं. म्हणजे सहाला अंधारात निघालात आणि अडीच तासांनी पोचलात, की तिथे साडेसातच वाजलेले असतात. दार आठला उघडतं. (हा फुकटचा तास येताना परत द्यावा लागतो, तेव्हा त्या रात्री कुठे जेवायचं बुकिंग करू नका.) पहिला दीड तास मैदान मोकळं असतं. फेरीवाले अजून टेबलं मांडत असतात. नंतर ते जॅग्वारच्या गुरगुरण्याच्या शिट्ट्या वाजवायला लागतात, आणि मग दिवसभर तेच ऐकायचं.

सकाळच्या त्या शांततेत आमच्या गाईडने सासूबाईंना कुकुल्कानच्या (माया लोकांचा पिसांचा सर्पदेव) पिरॅमिडच्या पायऱ्यांसमोर उभं केलं आणि टाळी वाजवायला सांगितली. पायऱ्यांवरून आवाज परत येतो तो टाळीचा येत नाही, पाखराच्या चिरकण्यासारखा येतो. तिथे त्याला केत्साल पक्ष्याचा आवाज म्हणतात. सासूबाई वळून झाडांत बघायला लागल्या, "कुठलं पाखरू गं?" अकरा वाजता तिथे चाळीस माणसं एकदम टाळ्या पिटत होती, आणि पाखरू काही कोणाला ऐकू येत नव्हतं.

लेकीला आत्ताच सांगून ठेवा, हा पिरॅमिड चढू देत नाहीत. बरीच वर्षं झाली बंद करून. नाहीतर तिथे पोचल्यावर भोकाड. त्याऐवजी तिला गणित द्या: चार बाजू, प्रत्येक बाजूला ९१ पायऱ्या, वर देवळाची एक. किती झाल्या? चेंडूचं मैदानही दाखवा, १६८ मीटर लांब. भिंतीत उंचावर दगडी कडं आहे आणि भरीव रबराचा चेंडू कमरेने उडवायचा.

आता गाईडबद्दल, कारण खरी गंमत तिथेच. आमचा गाईड वायादोलिदजवळच्या खेड्यातला, घरी माया भाषा बोलणारा. त्याने वाळूत काडीने माया आकडे काढले: ठिपका म्हणजे एक, रेघ म्हणजे पाच, शिंपला म्हणजे शून्य, आणि मोजणी विसाची. मी म्हटलं, माझी आजीसुद्धा कवठं 'तीन विसा नि पाच' अशीच मोजायची. सासरे गणिताचे मास्तर. त्यांनी काडी हिसकावलीच, आणि आपलं जन्मसाल १९४८ लिहून काढलं: वर चार ठिपके (चार चारशे), मधे तीन रेघांवर दोन ठिपके (सतरा विसा), खाली एका रेघेवर तीन ठिपके (आठ). गाईडने पाठ थोपटली. त्यानंतर आख्खा दिवस त्यांना काय बघितलं ते आठवत नव्हतं, पण तो आकडा ते अजून किराणाच्या यादीमागे काढतात.

तुमच्या बाबांच्या विहिरीचं उत्तर पण त्यानेच दिलं असं समजा. आपल्याकडे काळा पाषाण फोडून, माणसं राबवून विहीर बांधावी लागते. तिथे चुनखडीचा दगड. पावसाचं पाणी तो आतून विरघळवत जातं, पोकळी होते, एके दिवशी छत कोसळतं, खाली पाणी असतंच. उत्तर युकातानात जमिनीवर नदी नाही, सगळं पाणी पोटात. म्हणून गावं वसली ती या विहिरींच्या कडेला. 'चिचेन इत्सा' या नावाचा अर्थच 'इत्सांच्या विहिरीच्या तोंडाशी' (इत्सा म्हणजे माया लोकांतलाच एक गट). आत जो पवित्र सेनोते आहे तिथे पोहायचं नसतं, फक्त बघायचा. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्सन या अमेरिकन वकिलातीतल्या माणसाने त्याचा गाळ उपसला. सोनं, जेड, धूप आणि माणसांची हाडं निघाली. बराचसा ऐवज हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात गेला. गाईड हे सांगताना थोडा थांबला होता, आम्हालाही आपली काही संग्रहालयं आठवली.

जेवताना त्याने चिक्शुलुबची गोष्ट काढली. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी आकाशातून येऊन इथे आदळलेला तो दगड, मेरिदा शहराच्या बाजूला त्या विवराच्या काठाकाठाने सेनोतेंचं कडं आहे. मी म्हटलं, बाप्पा, मी पण विवराच्या काठचीच. माझं माहेर मेहकरला, लोणार शेजारी. फोनवर लोणारचे फोटो दाखवले. मग सांगितलं की तुमच्याकडे तो दगड पडला त्या सुमाराला आमच्या दख्खनेत लाव्हा वाहत होता, सह्याद्री त्याचाच, आणि डायनासोर नक्की कोणामुळे किती मेले यावर शास्त्रज्ञ अजून भांडतात. तो म्हणाला, "म्हणजे आरोपी दोन. एक तुझ्या गावचा, एक माझ्या." बसमध्ये ५२ माणसांच्या गाईडला असलं बोलायला वेळ नसतो हो.

पोहण्याचं. जवळचा सेनोते इक किल, तीन-एक किलोमीटरवर. साधारण २६ मीटर खाली गोल पाणी, वरून वेलीच्या मुळ्या लोंबतात. दिसायला वेड लावतो. पण खाली जाणारा दगडी जिना ओला असतो, आईंना उतरवू नका. वर कठड्याशी बसून सगळं दिसतं, सासूबाईंनी तिथूनच आमचं पोहणं बघितलं आणि सूचनाही दिल्या. पाणी पहिल्यांदा गार लागतं, लेक किंचाळेल, दोन मिनिटांत बाहेर यायचं नाव घेणार नाही. लाइफ जॅकेट घालायला लावतात. आत शिरण्याआधी शॉवर सक्तीचा आणि सनस्क्रीन चालत नाही, ते पाण्यात उतरतं म्हणून. लांब बाह्यांचे पोहायचे कपडे घ्या.

ठरवण्याआधी गाडीवाल्याला विचारून घ्या: निघायची वेळ किती, दुकानात थांबणार नाही हे लेखी देता का, आणि सोबत येणारा परवाना असलेला गाईड आहे की नुसता ड्रायव्हर. ड्रायव्हर असेल तर तो दारात सोडतो आणि आत तुम्हाला वेगळा गाईड करावा लागतो. आमच्या एका मैत्रिणीचं असंच झालं. तिकिटं धरली आहेत का तेही विचारा. चिचेन इत्साला दोन वेगळी तिकिटं असतात, केंद्राचं एक आणि राज्याचं एक, परदेशी मोठ्या माणसाला मिळून ६०० पेसोंच्या वर. रविवारी मेक्सिकोच्या नागरिकांना फुकट असतं म्हणून गर्दी दुप्पट, तो वार सोडा.

कोल्हापुरी_टोरांटो

गुडघ्यांचं ऐकून एक वेगळा पर्याय. चिचेन इत्सा सोडा, कोबाला जा. आत तीनचाकी सायकलरिक्षा मिळते, पुढे दोघं बसतात आणि मागून माणूस पेडल मारतो. आमची आई त्यात बसून राणीसारखी नोओच मुलपर्यंत गेली. तो पिरॅमिड ४२ मीटर, म्हणजे चिचेन इत्साच्यापेक्षा उंच. वर चढू देतात का ते जाण्याआधी विचारा, नियम बदलत असतो. सगळीकडे झाडांची सावली. चिचेन इत्साला डोक्यावर काही नाही, टोपी विसरलात तर मेलात. आणि कोबा कानकुनच्याच राज्यात, घड्याळाची भानगड नाही.

खादाड_बोका

शाकाहारी आईंसाठी. धोका घेवड्याचा. काळा घेवडा तिथे सर्रास डुकराच्या चरबीत परततात, 'सिन मांतेका' म्हणजे चरबीशिवाय, हे दोन शब्द पाठ करा. 'सोपा दे लिमा' नावावरून लिंबाचं सूप वाटतं, पण ते कोंबडीचं. पापाद्सुलेस भोपळ्याच्या बियांच्या रश्शातलं, छान असतं, पण आत उकडलेलं अंडं. आईंना 'सिकिल पाक' द्या: भाजलेल्या भोपळ्याच्या बिया, टोमॅटो, कोथिंबीर वाटून. आपल्या चटणीची मावसबहीण. सोबत मक्याची गरम टॉर्टिया. हाबानेरो मात्र कोल्हापुरीवाल्यांनी पण जपून.

तरी दशम्या बांधून घ्याच. टूरच्या बुफेत शाकाहारी म्हणजे भात आणि कलिंगड.

सातारी_ऑस्टिन

सगळ्यांचे आभार, विशेषतः लोणारकाठच्या ताईंचे. चिचेन इत्सा आणि एकच सेनोते, खाजगी गाडी, सकाळी सहाला, असं ठरवलं. कोबाची रिक्षा आईला फार आवडली, पण बाबांना आता ठिपके-रेघा शिकायच्यात. त्यांना विहिरीचं उत्तर वाचून दाखवलं. पाच मिनिटं गप्प बसले, मग म्हणाले, "तिथे मोट कशी लावत असतील?"

आता आईची शंका. ती लहानपणी पाठीला डबा बांधून गावच्या विहिरीत पोहायला शिकलीय आणि म्हणते, वर कठड्याशी बसून राहणार नाही. जिना हळूहळू उतरेन, पण पोहायचे कपडे घालणार नाही, पंजाबी ड्रेसवर चालतं का?

लोणारकाठची

आईंना साष्टांग. सुती ड्रेस ओला झाला की जड होऊन पायात गुंडाळतो, तो नको. लांब पँट आणि पूर्ण बाह्यांचा टॉप असा पोहायचा सेट मिळतो, तो घ्या. ओढणी गाडीत. जिन्यावर बाबांना एक पायरी पुढे चालू द्या आणि कठड्याला धरा. मोटेचं म्हणाल तर गाईडलाच विचारा, आणि काय म्हणतो ते इथे येऊन लिहा.